सूट दिलेल्यांची यादी

सेलूच्या बाजारात चन्नप्पा हार्डवेअरची पाटी हाय ना, तिच्या बरोबर डोक्यावर एक खिडकी हाय. त्या खिडकीमागं अनुपमा राहते. घर चांगलं ऐसपैस, चार खोल्या, वर गच्ची. फक्त एक गोष्ट बांधणाऱ्याच्या ध्यानातून गेली. घराला दुसरं दारच न्हाई. बाहेर पडायचं तर जिना उतरून दुकानात, रंगाचे डबे अन् पाईपांच्या मधून वाट काढत, नवऱ्याच्या गल्ल्यासमोरून. चोवीस वर्षांत तिला कुणी अडवलं न्हाई, खोटं कशाला बोला. पण "कुठं निघालीस?" असं विचारल्याबिगर सोडलंही न्हाई कुणी. कोथिंबीर आणायला जायचं तरी जबानी द्यायची.

उदगीरहून लग्न होऊन आली तेव्हा एकवीस वर्षांची होती, बीएस्सी फर्स्ट क्लास. संगं एक पेटी अन् पेटीत तळाला रांगोळीची वही. पंधरा ते आठ, एकवीस ते अकरा, सगळे ठिपके मोजून, रेघ कुठून सुरू होऊन कुठं मिटते तेही बाण काढून. तीनशेच्या वर रांगोळ्या असतील. आता ती पंचेचाळिशीला टेकलीय. कपाळावर विभूतीच्या वर चष्मा चढवलेला असतो अन् दिवसातून चारदा तोच चष्मा घरभर हुडकायचा तिचा नेम हाय. कूकरला रागावते, मिक्सरशी भांडते, माणसांशी मात्र मोजकं बोलते, कारण माणसं उत्तर देतात.

नवरा शिवकांत तर तिच्याहून घुम्या. शब्द तराजूत तोलून विकायला ठेवल्यासारखा बोलतो. त्याची एकच सवय लोकांना ठाऊक हाय, टेसनावरून गाडीचा भोंगा आला की हातातलं काम सोडून घड्याळ बघायचं. गाडी वेळेवर असली की मान हलवायची, लेट असली की स्वतःचाच गुन्हा असल्यागत खिन्न व्हायचं. त्याच्यामागं एक गोष्ट हाय. ती अनुपमाला सासूनं, भागम्मा अव्वानं, एकदा शेंगा फोडताना सांगितली होती. बाविसाव्या वर्षी शिवकांतनं रेल्वेची परीक्षा दिली, इंजिनावर जायची. पासही झाला. बोलावणं आलं ते पत्र सासऱ्यानं, म्हंजे चन्नप्पानं, खिळ्यांच्या पोत्याखाली ठेवलं अन् तारीख उलटल्यावर काढलं. दुकान कोण बघणार होतं मग? शिवकांत काही बोलला न्हाई. तेव्हापासून तो बोलतच न्हाई.

तर त्या घरात एक कम्प्युटर हाय. दुकानात सिमेंटची धूळ लागते म्हणून वरच्या मागच्या खोलीत ठेवलेला. अन् त्या कम्प्युटरवर देवाच्या खालोखाल मान असलेला अँटीव्हायरस हाय. त्यालाही कारण घडलं. लेक शिवानी नववीत असताना तिनं कुठूनसा फुकटातला चोरीचा गेम उतरवून घेतला, त्यातून व्हायरस शिरला अन् दुकानाची दोन वर्षांची बिलं एका दुपारीत गायब झाली. शिवकांत त्या दिवशी पहिल्यांदा सलग तीन वाक्यं बोलला. कम्प्युटर दुकानाचा. त्याच्यावर खेळ नको. हे शेवटचं. धाकट्या दिराला, शंभुराजला, बोलावून अँटीव्हायरस घातला, त्याला पासवर्ड लावला. पासवर्ड दोघा भावांनाच ठाऊक. शंभुराजचं टेसन रोडला कम्प्युटर दुरुस्तीचं दुकान हाय. आपल्या वहिनीच्या घरचा अँटीव्हायरस शिंकला तरी त्याच्या मोबाईलवर मेसेज येतो, असा त्यानं बंदोबस्त केला.

रोज सकाळी दहा ते अकरा शिवकांत त्या खोलीत जीएसटीचं काम करायला बसायचा, आतून कडी लावून. साडेदहाला अनुपमा चहा घेऊन गेली की कडी काढायला लय वेळ लावायचा. दार उघडायचा तेव्हा कानशिलं लाल, डोळे चमकायलेले. तिला बिचाऱ्याची कीव यायची. सरकारनं माणसाचा किती छळ मांडलाय, असं म्हणत ती साखर अर्धा चमचा जास्त टाकायची. अकरानंतर खोली रिकामी. दुपारी दोन ते चार नवरा गोदामात, अव्वा आडवी, तेव्हा अनुपमा तिथं बसून शिवानीचे मेल वाचायची, फोटो बघायची. तेवढ्याला कुणाची हरकत नव्हती.

शिवानी आता पुण्यात, इंजिनियरिंगच्या शेवटच्या वर्षाला. शेवटचं वर्ष म्हंजे काहीतरी बनवून दाखवायचं असतं. बापाला तिनं सांगितलं, बँकेचं सॉफ्टवेअर करायलेय. बाप खुश. खरं काय करायली होती ते फक्त आईला ठाऊक. आईची रांगोळीची वही सुट्टीत नेऊन तिनं त्याचा गेम बनवला होता. पडद्यावर ठिपके येतात, बोट न उचलता सगळे जोडायचे, एकदा ओढलेल्या रेघेवरून परत जायचं न्हाई, अन् शेवटी रेघ जिथून निघाली तिथंच येऊन मिटायला हवी. एकवीस रांगोळ्या, एकाहून एक कठीण. आता ह्यातला कोणता ठिपका चुकला अन् कोणता बरोबर, हे पुण्यातले मास्तर थोडेच सांगणार? ते आईनं खेळून बघायचं. सोमवारी दाखवायचं होतं. अन् बापाला कळलं तर गेम बनवायला पाठवलं का तुला, म्हणून तो पहिल्या गाडीनं तिला परत आणंल, ह्याची दोघींनाही खात्री होती.

मंगळवारी दुपारी अनुपमानं गेम उतरवला. आयकॉन आलं, छोटं, कमळासारखं. तिनं त्यावर दोनदा टिचकी मारली. कोपऱ्यात लाल चौकट उगवली, टुंग असा आवाज झाला, धोका आढळला, फाईल वेगळी ठेवली आहे, असं लिहून आलं अन् कमळ गेलं. कावळ्यानं उचलून न्यावं तसं डोळ्यादेखत.

तिनं शिवानीला फोन लावला तर पोरगी हसायला लागली. म्हणे, त्याला मी गुंड वाटले मम्मी. मग तिनं समजावून सांगितलं. अँटीव्हायरसला ओळखीची तोंडं लागतात. मोठ्या कंपनीच्या गेमवर नावाचा शिक्का असतो, तो बघून आत सोडतो. आपला गेम आज जन्मला, बाप कोण ते लिहिलेलं न्हाई, मग संशयावर धरतो. तिनं तीच फाईल पाच-पन्नास अँटीव्हायरसांकडून तपासून घेतली होती, दोघांनीच कुरकुर केली, त्यातला एक नेमका आपल्या घरी. कंपनीला कळवलं की ते चूक दुरुस्त करतात, पण त्याला आठ-पंधरा दिवस जातात. तवर एकच उपाय. अडकवलेली फाईल सोडवायची अन् त्या एका फोल्डरला सूट द्यायची.

"आख्खा अँटीव्हायरस बंद करू नको हां मम्मी. चोराला दार उघडं न्हाई ठेवायचं, आपल्या माणसापुरतं उघडायचं. अन् फाईल मी पाठवलेलीच हाय का तेवढं बघून घे."

अनुपमानं सगळं कागदावर लिहून घेतलं. सेटिंग उघडली. तिथं पासवर्ड.

ती तशीच बसून राहिली, तवर जिन्यावर पावलं वाजली. शंभुराज. बॅग खांद्याला, डॉक्टर व्हिजिटला आल्यासारखा. मोबाईलवर मेसेज आला म्हणे, धोका पकडला. कम्प्युटरला कुणी हात लावला, असं त्यानं विचारलं. अनुपमा म्हणाली, मी तर गच्चीवर कपडे वाळत घालायले होते. चोवीस वर्षांत दिराशी बोललेली पहिली थाप, अन् तीही अशी की कपडे सकाळीच वाळून घडी होऊन समोर पलंगावर पडलेले. शंभुराजनं घड्यांकडं बघितलं न्हाई, नशीब. त्यानं तासभर कम्प्युटर तपासला अन् फाईल पुसून टाकली.

बुधवारी शिवानीनं नाव बदलून पाठवली. टुंग. परत शंभुराज. ह्या बारीला त्यानं भावाला जाऊन सांगितलं की घरात कुणीतरी व्हायरस आणायलंय. शिवकांतचा चेहरा उतरला.  शंभुराजनंच ठरवलं, की गुरुवार-शुक्रवार दुपारी मी स्वतः इथं बसतो, बघू कोण येतंय ते.

अन् बसला की. चोर पकडायला पहारा, अन् पहारेकऱ्याला चहा द्यायला चोर. अनुपमानं त्याला धपाटे करून घातले, दही दिलं, शेंगाची चटणी वाढली. चोर यायचं नाव घेईना. शंभुराज सहा धपाटे खाऊन वरून म्हणाला, वहिनी, चोर लय हुशार हाय. अनुपमा म्हणाली, हाय खरा, अजून एक घ्या.

पण तिच्या जिवाचं पाणी व्हायलं होतं. शिवानीचे मेसेज यायचे, मम्मी खेळलीस का, सातवी नीट मिटते का. सांगावं कुणाला? पासवर्ड मागावा तर कशाला म्हणून विचारतील. विचारलं तर पोरीचं गुपित उघडं पडंल. न मागावं तर पोरगी सोमवारी मास्तरांसमोर चुकलेली रांगोळी दाखवंल. खाली उतरून कुणाच्या तरी घरी, कुणाच्या तरी कम्प्युटरवर जावं तर वाटेत गल्ला. "कुठं निघालीस?" ती दोनदा पायरीपर्यंत गेली अन् दोनदा परत आली. एकदा तर खाली जाऊन उगीच दोन खिळे मागून आणले.

शुक्रवारी मात्र एक घडलं. ती दह्याची वाटी घेऊन शंभुराजच्या मागं उभी होती अन् तो पासवर्ड टाकत होता. चष्मा कपाळावर, त्यामुळं बटणं काही तिला दिसली न्हाईत. दिसला तो त्याचा डावा हात. तो हात आपोआप छातीवर गेला, सदऱ्याखाली गळ्यातलं इष्टलिंग असतं तिथं, अन् ओठ सहादा हलले. उजव्या हाताचं बोट बटणांवर टकटक चाललेलं. मग तीन आकडे, अन् उघडलं.

त्या घरातली माणसं सहा अक्षरांना ओठ हलवून छातीला हात लावतात ते एकाच वेळी. जन्मल्यावर आठव्या-दहाव्या दिवशी गळ्यात लिंग बांधतात तेव्हापासून कानावर पडलेला मंत्र. नमः शिवाय, अन् त्याच्या आधी ॐ. अनुपमानं वाटी खाली ठेवली. इंग्रजीत कसा लिहिला असंल हा विचारही तिला करावा लागला न्हाई. शंभुराजच्या मोटारसायकलीच्या मागं तोच मंत्र इंग्रजी अक्षरांत, लाल रंगात लिहिलेला हाय. म्हंजे घरातल्या कुणालाही न सांगितलेला पासवर्ड रोज आख्ख्या सेलूत चकरा मारायचा.

आता पासवर्ड होता, पण खुर्चीत शंभुराज होता. शनिवारीही बसणार होता. अन् इथं कामाला आली अव्वा. शहात्तर वर्षांची भागम्मा पलंगावरून सगळं ऐकत होती. तिनं शंभुराजला जवळ बोलावून विचारलं, त्या डब्यात तू कुणाला अडकवून ठेवलंस रे? त्यानं सांगितलं, संशय हाय म्हणून एक फाईल वेगळी बसवलीय अव्वा.

"वेगळी?" अव्वा म्हणाली. "आपल्या लिंगायतांत सुतक न्हाई, विटाळ न्हाई. गळ्यात लिंग असलेल्याला कोण बाजूला बसवतं? माझ्या सासूनं मला कधी चार दिवस कोपऱ्यात बसवलं न्हाई, अन् तू कोण लागून गेलास बसवणारा?"

शंभुराज म्हणाला, अव्वा ती फाईल हाय. अव्वा म्हणाली, कुणाची तरी असंलच की. अन् मग तिनं सुनेकडं एक नजर टाकली. सुनेनं पदर सारखा करायला घेतला. शनिवारी बरोबर पावणेदोनला अव्वाचा गुडघा असा काही दुखायला लागला की धाकट्यानंच रिक्षात बसवून दवाखान्यात न्यायला पाहिजे. मोठ्याला दुकान हाय ना. जाताना जिन्याच्या तिसऱ्या पायरीवरून ती बोलली, सावकाश येतो गं आमी, घाई न्हाई.

अनुपमानं हात धुतले. मंत्र टाकायचा म्हणून धुतले, कम्प्युटरला काय त्याचं. मोटारसायकलीवरची अक्षरं एकेक करून टाकली अन् पुढं एक-दोन-तीन. चुकलं. अजून दोन वेळा संधी हाय असं लिहून आलं.  मग तिनं स्वतःलाच हलकी चापट मारली. जपमाळेत मणी किती? एकशे आठ टाकले अन् कुलूप उघडलं.

अडकवलेल्या फाईलींत तिचं कमळ होतं, बुधवारपासून तसंच. तिनं सोडवलं. मग सूट दिलेल्यांची यादी उघडली, नवं नाव टाकायला. यादी कोरी असंल असं तिला वाटलं होतं. कोरी नव्हती. वर एक नाव आधीच होतं. जुनी बिलं.

बिलांना कशाला सूट लागते? बिल काय चावतंय? तिनं फोल्डर उघडलं. आत एकही बिल नव्हतं. एक इंजिन होतं, निळं, समोर दिवा. दोनदा टिचकी मारली तर आख्खा पडदा पांढरा झाला. बर्फ. बर्फातून रूळ, दूर डोंगर, अन् काचेतून दिसावं तसं सगळं, जणू आपणच इंजिनात बसलोय. कोपऱ्यात लिहिलं होतं, ड्रायव्हर शिवकांत. खाली, गाडी चालवली चारशे बारा तास.

चारशे बारा. रोज दहा ते अकरा. म्हंजे जीएसटीचा हिशोब तिला तिथंच लागला. लाल कानशिलं, उशिरा निघणारी कडी, अन् ती अर्धा चमचा जास्तीची साखर. आधी तिला असा राग आला की त्या इंजिनाला धपाटा घालावा. घरात सगळ्यांना खेळबंदी अन् हे महाशय बर्फात गाडी हाकायलेत. लेकीला नववीत रडवलं ते? तेवढ्यात खऱ्या टेसनावरून भोंगा आला. नांदेडकडची पॅसेंजर. खाली दुकानात त्यानं आता घड्याळ बघितलं असणार, हे तिला न बघता कळलं. परभणीच्या पुढं कधी मालाच्या कामाशिवाय न गेलेला माणूस. खिळ्यांच्या पोत्याखालचं ते पत्र तिला आठवलं. तिनं गाडी हलू दिली न्हाई, होती तिथंच ठेवून हळूच बंद केली. दुसऱ्याची गाडी हाय, कुठं रूळ सोडंल.

मग तिनं यादीत दुसरं नाव टाकलं, रांगोळी. जुनी बिलं अन् खाली रांगोळी. ती खेळायला बसली. सहा रांगोळ्या पटापट मिटल्या. सातव्या, कासवाच्या रांगोळीत रेघ अडकली. कुठूनही न्या, शेवटच्या पायाशी येऊन कोंडी. तीनदा केलं, चष्मा खाली ओढला, पोरीनं नेलेली वही मनातच डोळ्यासमोर आणली, अन् सापडलं. डावीकडून तिसऱ्या ओळीत एक ठिपका शिवानीनं एक घर खाली टाकला होता. बाकी चौदा ठीक. पावणेचारला तिनं पोरीला कळवलं अन् रिक्षाचा आवाज येईस्तवर कणीक मळायला घेतली.

रविवारी जेवायला शंभुराज होता. हुग्गीचा, म्हंजे गव्हाच्या खिरीचा, पहिला घास तोंडात घेऊन त्यानं मोबाईल काढला अन् सांगितलं की दादा, दवाखान्याच्या गडबडीत मेसेज बघायचा राहिला, काल दुपारी दोन वाजून पंचवीस मिन्टांनी कुणीतरी पासवर्ड टाकून सूट दिलीय. चोर पासवर्डापर्यंत पोचला. मी यादीच उघडून बघतो, दोन मिन्टात कळंल कशाला दिली ते. अन् तो ताटावरून उठायलाच लागला.

अनुपमाच्या हातातली पळी भांड्यातच राहिली.

"बस," शिवकांत म्हणाला. "मीच दिली."

"तुमी? दादा, सव्वादोनला तुमी गोदामात पाईप मोजायलते. मी रिक्षा करताना बघितलं."

"वर आलो होतो."

"आला होता," अव्वा मधीच म्हणाली. "मला पायरीचा आवाज आला की."

"अव्वा, तू माझ्यासंगं रिक्षात होतीस."

"मग रिक्षात आला असंल. जेव तू."

शंभुराज जेवला, पण गोंधळून. शिवकांतनं मान वर केली न्हाई. त्याला ठाऊक होतं की ती सूट त्यानं दिली नव्हती. अन् ज्यानं कुणी दिली त्यानं यादी बघितली होती. हे जेवताना त्याच्या चेहऱ्यावर असं काही लिहिलेलं होतं की अनुपमाला त्याला तूप वाढतानाही वर बघवेना.

सोमवार गेला. शिवानीचा फोन आला, मास्तर खुश, कासव नीट मिटलं. सोमवारी दहाला शिवकांत खोलीत गेला, साडेदहाला अनुपमानं चहा नेलाच न्हाई. मंगळवारीही न्हाई. दोघं घरात एकमेकांच्या वाटेतून असे बाजूला व्हायचे की जिना अजून अरुंद झाल्यासारखा वाटायचा. कुणी काही विचारीना, कारण आधी विचारंल त्याला आधी सांगावं लागंल. झाकली मूठ दोघांची, अन् दोघांच्या मुठीत दुसऱ्याचंच गुपित.

बुधवारी दुपारी ती कोथिंबीर आणायला खाली उतरली. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. गल्ल्यासमोर आली अन् सवयीनं थांबली, जबानी द्यायला. तो कुठं निघालीस म्हणाला न्हाई.

"ती सातवी," तो म्हणाला.

"काय सातवी?"

"कासव. सुटंना. सोमवारपासून करायलोय." त्यानं बिलबुकाच्या मागं पेन्सिलीनं काढलेले ठिपके तिच्याकडं सरकवले. पानभर कासवं. सगळी शेवटच्या पायाशी अडकलेली.

"ती सुटतच न्हाई," अनुपमा म्हणाली. "एक ठिपका चुकलाय त्या फाईलीत. शिवानीनं नीट करून पाठवलीय, ती टाकते."

त्यानं पेन्सिल कानामागं खोचली अन् विचारलं, "बँकेचं काम होतं ना तिचं?"

"बँकेचंच की. जुनी बिलं ठेवतात तसल्या बँकेचं."

शिवकांतनं बिलबुक मिटलं. परत उघडलं. कान लाल झाले होते. टेसनावरून भोंगा आला, अन् त्यानं घड्याळ बघितलं न्हाई, तिच्याकडं बघितलं. मग इतकंच म्हणाला की दुपारी मी गोदामातच असतो, दोन ते चार. शंभुराजला मी सांगतो, परत पहाऱ्याला यायची गरज न्हाई.

"अन् साडेदहाला चहा आणू का नको?"

"आण. पण दोनदा वाजव," तो हळूच म्हणाला. "एकदम थांबवता येत न्हाई. घाटात असते."

दुसऱ्या दिवशी साडेदहाला अनुपमानं दार दोनदा वाजवलं. आतून कडी निघाली न्हाई. ती कपबशी हातात धरून बंद दाराबाहेर उभी राहिली. चहावर साय धरली. आत कुठंतरी लांब, बर्फात, ब्रेक लागल्याचा बारीक आवाज आला, अन् ती गाडी टेसनात शिरायची वाट बघत राहिली.